मुफ्ती अमीन अल-हुसैनी : न्याय्य लढा आणि चुकलेला नेता

पॅलेस्टाइनची बातमी आली की समाजमाध्यमांवर एक जुने छायाचित्र हमखास फिरू लागते. पांढरी पगडी घातलेले एक धर्मगुरू खुर्चीवर बसलेले आहेत आणि त्यांच्यासमोर हिटलर. खाली मजकूर असतो की मुसलमान आणि नाझी हे पहिल्यापासून एकच. मग आपल्यातले काही जण उत्तर देतात की हे सगळे खोटे आहे, मुफ्तीसाहेब मुजाहिद होते, त्यांना बदनाम केले जात आहे. बीडसारख्या जिल्ह्यात नववी-दहावीतल्या मुलांच्या मोबाइलवरही हे वाद येऊन पोचले आहेत. मुले विचारतात, हे खरे आहे का? शिक्षकाला हो किंवा नाही एवढ्यावर भागवता येत नाही.

छायाचित्र खरे आहे. ते बर्लिनमधले आहे आणि ही भेट २८ नोव्हेंबर १९४१ रोजी झाली. पण त्याखालचा मजकूर खोटा आहे आणि त्याला दिले जाणारे उत्तरही अर्धवट आहे. म्हणून हा माणूस कोण होता, तो तिथपर्यंत कसा पोचला आणि त्याची किंमत कोणी मोजली, हे नीट पाहू. आपण मराठवाड्यातले लोक असल्यामुळे हा विषय वाटतो तितका दूरचा नाही.

मुफ्ती कसे झाले?

मुहम्मद अमीन अल-हुसैनी यांचा जन्म १८९५ च्या आसपास जेरुसलेममध्ये, म्हणजे आपण ज्याला बैतुल मुकद्दस म्हणतो तिथे झाला. हुसैनी हे शहरातले मोठे घराणे. वडील ताहिर हे मुफ्ती होते, त्यांच्यानंतर सावत्र भाऊ कामिल मुफ्ती झाले. अमीन शिकायला कैरोला गेले. तिथे अल-अझहरमध्ये काही काळ होते आणि रशीद रिदा यांच्या विचारांचा त्यांच्यावर प्रभाव पडला, पण आलिमपदाचे शिक्षण त्यांनी पूर्ण केले नाही. तरुणपणीच आईबरोबर हज केल्यामुळे नावामागे 'हाजी' लागले. पहिल्या महायुद्धात ते उस्मानी फौजेत अधिकारी होते.

युद्ध संपले तेव्हा पॅलेस्टाइन इंग्रजांच्या ताब्यात गेले होते. २ नोव्हेंबर १९१७ च्या बाल्फोर जाहीरनाम्यात इंग्रजांनी तिथे ज्यूंचे राष्ट्रीय घर उभारण्याला पाठिंबा दिला होता. १९२२ च्या जनगणनेत पॅलेस्टाइनची लोकसंख्या सुमारे साडेसात लाख होती आणि त्यात ज्यू साधारण ११ टक्के होते. उरलेल्या जवळजवळ नव्वद टक्के लोकांना न विचारता त्यांच्या भूमीचा निर्णय लंडनमध्ये झाला होता. अरबांची तक्रार इथून सुरू होते आणि ती न्याय्य होती. पुढे मुफ्तींच्या हातून जे काही घडले, त्याने ही मूळ तक्रार खोटी ठरत नाही.

एप्रिल १९२० मध्ये नबी मूसाच्या उत्सवात जेरुसलेममध्ये दंगल झाली. पाच ज्यू आणि चार अरब मारले गेले. चिथावणी दिल्याबद्दल अमीन यांना गैरहजेरीत दहा वर्षांची शिक्षा झाली आणि ते पळून गेले. पण ज्या इंग्रज सत्तेने शिक्षा दिली तिनेच वर्षभरात त्यांना मुफ्ती केले. उच्चायुक्त हर्बर्ट सॅम्युएल हे स्वतः ज्यू होते आणि झायोनिस्ट चळवळीचे समर्थक होते. त्यांनी आधी माफी दिली. कामिल यांच्या निधनानंतर १९२१ मध्ये नव्या मुफ्तीसाठी मतदान झाले, त्यात अमीन चौथे आले. पहिल्या तिघांतून नेमणूक व्हावी असा नियम होता. एका उमेदवाराला माघार घ्यायला लावून अमीन यांची वाट मोकळी करण्यात आली. मोठे घराणे हाताशी राहिले की शहर शांत राहील, असा इंग्रजांचा हिशेब होता. १९२२ मध्ये सर्वोच्च मुस्लिम कौन्सिलचे अध्यक्षपदही त्यांच्याकडे आले. वक्फचे उत्पन्न, शरई न्यायालये, काझी आणि इमामांच्या नेमणुका असे सगळे एका हातात गेले. पंचविशीतल्या या माणसाला देशातली सर्वांत मोठी धार्मिक सत्ता मिळाली, ती विद्वत्तेवर नव्हे, इंग्रजांच्या सोयीने.

अक्सा, हैदराबाद आणि मुंबई

आता आपल्याकडचा धागा. मस्जिद-ए-अक्सा आणि कुब्बतुस्सखरा यांची त्या वेळी पडझड झाली होती. मुफ्तींनी दुरुस्तीचे मोठे काम हाती घेतले आणि निधीसाठी मुस्लिम जगात शिष्टमंडळे पाठवली. १९२३-२४ मध्ये एक शिष्टमंडळ हिंदुस्थानात आले. मोठ्या देणगीदारांत हैदराबादचे निजाम मीर उस्मान अली खान होते. बीड, उस्मानाबाद, औरंगाबाद, परभणी, नांदेड हे आपले जिल्हे त्याच रियासतीत होते. ज्या तिजोरीत इथल्या रयतेचा सारा जात होता, त्या राज्याची मदत अक्साच्या भिंतींपर्यंत पोचली. १९३३ मध्ये मुफ्ती स्वतः हिंदुस्थानात आले आणि जेरुसलेममध्ये इस्लामी विद्यापीठ काढण्यासाठी मदत मागत हैदराबादलाही गेले.

दुसरा धागा मुंबईचा आहे. भायखळ्याच्या खिलाफत हाऊसमधून काम करणारे मौलाना शौकत अली आणि त्यांचे बंधू मौलाना मुहम्मद अली जौहर यांचे मुफ्तींशी निकटचे संबंध होते. ४ जानेवारी १९३१ रोजी गोलमेज परिषदेच्या काळात मौलाना मुहम्मद अली यांचे लंडनमध्ये निधन झाले. गुलाम देशात परतायचे नाही, हा त्यांचा निश्चय होता. मुफ्तींनी पुढाकार घेऊन त्यांना हरम शरीफला लागून दफन केले. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये जेरुसलेमला भरलेल्या जागतिक इस्लामी परिषदेत शौकत अली हे मुफ्तींचे मुख्य सहकारी होते. अल्लामा इक्बालही त्या परिषदेला गेले होते.

जेरुसलेमला जी हिंदी सराय आहे, बाबा फरीद यांच्या नावाशी जोडलेली झाविया, तिची व्यवस्था पाहायला हिंदुस्थानातून माणूस पाठवावा ही विनंतीही मुफ्तींच्याच काळातली. १९२४ मध्ये सहारनपूरचे नझीर हसन अन्सारी तिथे गेले आणि त्यांच्या कुटुंबाने पुढे ती सांभाळली. उस्मानी खलिफांची कन्या दुर्रुशहवार निजामांची सून झाली तीही १९३१ मध्येच. शेवटचे खलिफा अब्दुल मजीद यांच्यासाठी आपल्या खुलताबादजवळ मकबरा बांधला गेला. तो रिकामाच राहिला. त्या काळात दख्खन आणि अरबस्तान एकमेकांना किती जवळचे होते, हे यातून दिसते. मुफ्तींच्या आयुष्याचा हा भाग उजळ आहे. अक्साचे जतन, वक्फची घडी बसवणे, जगभरच्या मुसलमानांचे लक्ष पॅलेस्टाइनकडे वळवणे ही कामे त्यांनी केली, ती नाकारण्याचे कारण नाही.

लढा बिघडला कुठे?

ऑगस्ट १९२९ मध्ये बुराक भिंतीच्या, म्हणजे ज्यूंच्या पश्चिम भिंतीच्या, हक्कावरून दंगली पेटल्या. १३३ ज्यू आणि ११६ अरब मारले गेले. अल-खलील म्हणजे हेब्रॉन शहरात ६७ ज्यू मारले गेले. हे लोक कालपरवा युरोपातून आलेले वसाहतवाले नव्हते. त्यांतली कितीतरी कुटुंबे अरबांच्या शेजारी पिढ्यान्‌पिढ्या राहत आलेली होती. कित्येक ज्यूंना त्यांच्या मुस्लिम शेजाऱ्यांनीच घरात लपवून वाचवले, हेही तितकेच खरे. सरकारी चौकशी समितीच्या बहुमताने मुफ्तींना थेट जबाबदार धरले नाही. पण मशिदीला धोका आहे ही हाक देताना शेजाऱ्याच्या जिवाची हमी देणारा आवाज तितकाच मोठा लागतो. तो लागला नाही.

१९३३ नंतर हिटलरच्या छळामुळे युरोपातून येणाऱ्या ज्यूंची संख्या झपाट्याने वाढली. अरब शेतकरी जमिनीवरून हटत होते. जानेवारी १९३५ मध्ये मुफ्तींनी फतवा दिला की ज्यूंना जमीन विकणाऱ्याचे मुस्लिम कब्रस्तानात दफन होऊ नये. जमिनी विकणाऱ्यांत बड्या अरब घराण्यांतले लोकही होते. फतव्याचा धाक गरिबाला जास्त बसला.

एप्रिल १९३६ मध्ये सहा महिन्यांचा ऐतिहासिक संप झाला आणि मग १९३९ पर्यंत बंड चालले. मुफ्ती अरब उच्च समितीचे अध्यक्ष होते. इंग्रजांनी घरे उडवली, फाशी दिली, गावांना सामुदायिक दंड केला. सुमारे पाच हजार अरबांचा जीव गेला. पण त्यातले काही अरबांच्याच गोळीने गेले. मुफ्तींच्या गटाने नशाशिबी गटाच्या आणि तडजोडीची भाषा करणाऱ्या लोकांवर गद्दारीचा शिक्का मारला आणि त्यांतल्या अनेकांच्या हत्या झाल्या. जो समाज आपल्यातल्या वेगळ्या मताच्या माणसाला मारतो, त्याच्याकडे कठीण वेळी दुसरा सल्ला द्यायला कोणी उरत नाही. १९३९ मध्ये तेच झाले. इंग्रजांनी श्वेतपत्रिका काढून ज्यूंच्या आगमनावर पाच वर्षांसाठी ७५ हजारांची मर्यादा घातली आणि दहा वर्षांत स्वतंत्र पॅलेस्टाइनचे आश्वासन दिले. अरब बाजूच्या काही पुढाऱ्यांना ते स्वीकारावेसे वाटत होते. मुफ्तींनी नकार दिला.

तोपर्यंत ते देशाबाहेर होते. ऑक्टोबर १९३७ मध्ये अटकेच्या भीतीने ते हरममधून निसटून लेबनॉनला गेले आणि १९३९ मध्ये बगदादला. तिथे १९४१ च्या रशीद अली यांच्या उठावात त्यांनी इंग्रजांविरुद्ध जिहादचा फतवा दिला. इंग्रजांनी तो उठाव मोडला, तेव्हा त्यांच्या बाजूने लढायला नेलेल्या फौजेत हिंदुस्थानचे सैनिक होते. उठाव फसताच १ आणि २ जून १९४१ रोजी बगदादच्या ज्यूंवर हल्ले झाले आणि सुमारे १८० निरपराध माणसे मारली गेली. मुफ्ती इराणमार्गे इटलीत आणि तिथून बर्लिनला पोचले.

बर्लिन

शत्रूचा शत्रू तो मित्र, एवढेच तर मुफ्तींनी केले, असे म्हणणारे आपल्याकडे आहेत. ते नेताजी सुभाषचंद्र बोस यांचे उदाहरण देतात. नेताजीही त्याच काळात बर्लिनमध्ये होते आणि मे १९४२ मध्ये हिटलरला भेटले. या युक्तिवादात काही तथ्य आहे. गुलाम देशांच्या अनेक नेत्यांना तेव्हा इंग्रजांचा शत्रू जवळचा वाटला. मुफ्ती जर केवळ अरब स्वातंत्र्याचे जाहीर आश्वासन मागायला गेले असते, तर त्यांचाही विचार तसाच करता आला असता. ते आश्वासन हिटलरने जाहीरपणे दिलेच नाही. मुफ्ती तरीही बर्लिनमध्ये जर्मन सरकारच्या पैशावर राहिले, रेडिओवरून अरबीत भाषणे करत राहिले आणि १९४३ मध्ये बोस्नियाच्या मुसलमानांना एसएसच्या तुकडीत भरती करण्यासाठी फिरले.

याहून गंभीर गोष्ट पुढे आहे. १९४३ च्या मे-जूनमध्ये बल्गेरिया, रुमानिया आणि हंगेरी या देशांतून ज्यूंना, विशेषतः मुलांना, पॅलेस्टाइनला पाठवून वाचवण्याचे प्रयत्न चालू होते. मुफ्तींनी या सरकारांना पत्रे लिहिली की त्यांना जाऊ देऊ नका. त्यांना कडक देखरेखीखाली ठेवता येईल अशा जागी, उदाहरणार्थ पोलंडला, पाठवावे असेही त्यांनी सुचवले. पोलंडमध्ये तेव्हा काय चालले होते? ऑशविट्झ तिथेच होते. आणि मुफ्तींना काही माहीत नव्हते असेही म्हणता येत नाही. त्याच उन्हाळ्यात हिमलरने आपल्याला सुमारे तीस लाख ज्यू संपवल्याचे सांगितले, असे मुफ्तींनी स्वतःच्या आठवणींत लिहून ठेवले आहे.

इथे नेताजींची तुलना संपते. लढाईतही मुलांना हात लावायचा नाही, ही शिकवण रसूलुल्लाहंची आहे. सूरह माइदामध्ये एखाद्या लोकांशी वैर असले तरी न्याय सोडू नका, अशी ताकीद आहे. मुफ्तीपदावर बसलेल्या माणसाला ती तोंडपाठ असणार. म्हणून त्यांना मापायला आपल्याला पाश्चात्त्यांची मोजपट्टी उसनी आणावी लागत नाही, आपली स्वतःची पुरेशी आहे.

आता दुसरी बाजूही तेवढ्याच स्पष्टपणे. २० ऑक्टोबर २०१५ रोजी इस्रायलचे पंतप्रधान नेतान्याहू यांनी असे म्हटले की ज्यूंना संपवण्याची कल्पना हिटलरला मुफ्तींनी दिली. हे धादांत चूक आहे. इस्रायलमधल्याच इतिहासकारांनी ते खोडून काढले आणि जबाबदारी जर्मनीचीच आहे असे जर्मन सरकारने सांगितले. तारखा पाहा. सोव्हिएत प्रदेशात ज्यूंच्या सामूहिक हत्या जून १९४१ पासून सुरू होत्या. २९ आणि ३० सप्टेंबर १९४१ या दोन दिवसांत कीव शहराजवळ बाबी यार इथे ३३ हजारांहून जास्त ज्यू मारले गेले. मुफ्तींची भेट त्यानंतर दोन महिन्यांनी झाली. मुफ्तींचा गुन्हा स्वतःचा आहे. हिटलरचा गुन्हा त्यांच्या माथी मारून युरोपला हात धुता येणार नाहीत.

शिवाय मुफ्ती म्हणजे मुसलमान नव्हेत. त्याच युद्धात हजारो पॅलेस्टिनी अरब इंग्रजांच्या फौजेत नाझींविरुद्ध भरती झाले होते. अल्बानियाच्या मुस्लिम कुटुंबांनी ज्यूंना आपल्या घरात लपवले. बडोद्यात जन्मलेल्या सूफी इनायत खान यांची मुलगी नूर इनायत खान हिला नाझींनी १३ सप्टेंबर १९४४ रोजी दाखाऊच्या छावणीत गोळी घातली. मुफ्ती बर्लिनमध्ये पाहुणे असतानाच नूर जर्मनांच्या कैदेत होती. फिरणाऱ्या त्या छायाचित्राबरोबर हिचेही नाव मुलांना सांगितले पाहिजे.

किंमत कोणी मोजली?

युद्धानंतर मुफ्ती फ्रान्समध्ये नजरकैदेत होते. १९४६ मध्ये तिथून निसटून ते कैरोला आले. त्यांच्यावर खटला कधीच चालला नाही. १९४७ मध्ये संयुक्त राष्ट्रांत फाळणीचा प्रश्न आला तेव्हा अरब उच्च समितीने चौकशी समितीवर बहिष्कार टाकला. भारताने फाळणीविरुद्ध मत दिले, पण ठराव मंजूर झाला. १९४८ च्या युद्धात सात लाखांहून अधिक पॅलेस्टिनी बेघर झाले. त्यांना घराबाहेर काढणारे सैन्य इस्रायलचे होते आणि ती जबाबदारी इस्रायलचीच. पण त्या घडीला जगात पॅलेस्टिनींची बाजू मांडणारा चेहरा बर्लिनहून आलेला होता. ज्या शेतकऱ्याने हिटलरचे नावही धड ऐकले नसेल, त्याच्या हक्काची गोष्ट ऐकून घ्यायला कोणी तयार होत नव्हते.

सप्टेंबर १९४८ मध्ये गाझात अखिल पॅलेस्टाइन सरकार जाहीर झाले आणि मुफ्ती त्याच्या राष्ट्रीय परिषदेचे अध्यक्ष झाले. ते सरकार कागदावरच राहिले. मराठवाड्यातल्या माणसाला हा महिना वेगळ्या कारणाने पाठ आहे. १३ सप्टेंबरला भारतीय फौजा हैदराबाद संस्थानात शिरल्या आणि १७ सप्टेंबरला निजामांनी शरणागती दिली. दरवर्षी त्या दिवशी आपल्या शाळांत झेंडावंदन होते आणि भाषणात कासिम रझवींचे नाव येते.

लातूरला वकिली करणारे रझवी १९४६ मध्ये मजलिसचे अध्यक्ष झाले आणि रझाकारांचे सेनापती बनले. दोन्ही लढ्यांची कारणे मी एका पारड्यात ठेवत नाही. पॅलेस्टिनी आपल्या भूमीत बहुसंख्य होते आणि परक्या सत्तेविरुद्ध लढत होते. रझवी बहुसंख्य प्रजेच्या इच्छेविरुद्ध एका संस्थानिकाची गादी राखायला निघाले होते. साम्य आहे ते नेतृत्वाच्या पद्धतीत आणि परिणामात. इथेही मोठ्या गर्जना होत्या, इथेही तडजोड म्हणजे गद्दारी होती. भारतात विलीन व्हा असे लिहिणारे 'इमरोज'चे संपादक शोएबुल्ला खान यांना २२ ऑगस्ट १९४८ रोजी रझाकारांनी हैदराबादेत मारले. गावोगावी हिंदूंवर अत्याचार झाले. आणि पोलिस ॲक्शननंतर त्याचा सूड ज्यांच्यावर उगवला गेला ते बहुतेक रझाकार नव्हतेच. पंडित सुंदरलाल आणि काझी अब्दुल गफ्फार यांच्या सद्भावना समितीच्या अहवालाने मृतांचा अंदाज २७ ते ४० हजार दिला. सर्वाधिक झळ उस्मानाबाद, गुलबर्गा, बिदर आणि नांदेडला बसली, आपला बीडही सुटला नाही. तो अहवाल कितीतरी दशके लोकांसमोर आलाच नाही. रझवी १९५७ मध्ये तुरुंगातून सुटून पाकिस्तानात गेले आणि १९७० मध्ये कराचीत वारले. नेता निघून गेला. गावातला विणकर, अत्तार, बागवान, शेतमजूर इथेच राहिला आणि 'रझाकार' ही शिवी त्याची नातवंडे आजही ऐकतात.

म्हणूनच मुफ्तींचा इतिहास आपण स्वतः नीट वाचला पाहिजे. एका माणसाच्या करणीसाठी साऱ्या कौमेला आरोपी करणे हा अन्याय आहे, हे आपण हक्काने सांगतो. पण हे सांगण्याचा नैतिक अधिकार तेव्हाच टिकतो, जेव्हा आपण आपल्या नेत्याची चूक चूक म्हणतो. हजरत अबू बक्र यांनी खिलाफत स्वीकारताना, मी चुकलो तर मला सरळ करा, अशा अर्थाचे सांगितले होते. मुफ्तींना सरळ करणारे त्यांच्या भोवती कोणी उरले नव्हते. गाझातल्या मुलांसाठी आज न्याय मागताना १९४३ मधल्या त्या ज्यू मुलांबद्दल गप्प राहण्याची काही गरज नाही. उलट दोन्ही मुलांसाठी एकाच तोंडाने बोलले, तरच त्या बोलण्याला वजन येते.

मुफ्ती अमीन अल-हुसैनी यांचे ४ जुलै १९७४ रोजी बैरूतमध्ये निधन झाले. जेरुसलेममध्ये दफन व्हावे ही त्यांची इच्छा होती. इस्रायलने परवानगी नाकारली आणि त्यांना बैरूतमध्येच माती देण्यात आली. १९३१ मध्ये हिंदुस्थानच्या एका मौलानांना त्यांनी हरमच्या सावलीत जागा मिळवून दिली होती. मौलानांची कबर तिथे आजही आहे.